दफ्तरांतले दुभाषे

गेल्या उन्हाळ्याच्या सुटींत जुनें कपाट आवरतांना माझ्या प्रबंधाची एक फ्लॉपी हातीं लागली. फ्लॉपी म्हणजे काय हें आजच्या विद्यार्थ्यांस समजावून सांगावें लागतें: साडेतीन इंच रुंदीची काळी चौकोनी डबी, आणि तिच्या पोटांतल्या चकतीवर जेमतेम दीड मेगाबाईट मजकूर. वरच्या चिठीवर माझ्याच तेव्हांच्या अक्षरांत ‘प्रकरण तिसरें व चौथें, १९९४’ असें लिहिलेलें होतें. हीं प्रकरणें ज्या प्रोग्रॅममध्यें लिहिलीं तो वर्डपर्फेक्ट. आमच्या विभागांतल्या एकुलत्या एका संगणकावर तोच होता. तो संगणक भंगारांत जाऊन पंचवीस वर्षें होऊन गेलीं. मुलीनें कोठून तरी फ्लॉपी वाचण्याचें यंत्र मिळविलें, फाईल उतरून घेतली, आणि फारशी आशा न धरतां मीं ती लिबरऑफिसमध्यें उघडण्याचा प्रयत्न केला. ती उघडली. परिच्छेद जागच्या जागीं होते, तळटीपा आपापल्या आंकड्यांखालीं होत्या, तिरपीं अक्षरें तिरपीं होतीं. एवढेंच नव्हे, तर मूळ मराठी अवतरणांसाठीं मीं इंग्रजी मजकुरांत सोडलेल्या कोऱ्या जागाही जशाच्या तशा होत्या. त्या यंत्रावर देवनागरी उमटविण्याची सोय आमच्याजवळ नव्हती. छापील प्रतीवर मागाहून शाईनें शब्द भरावे लागत. तीस वर्षांनंतर त्या रिकाम्या जागा पाहून मला काय वाटलें तें सांगण्याचें हें स्थळ नव्हे. परंतु एक प्रश्न मनांत आला तो सांगतों. हा मजकूर मला वाचून कोणी दाखविला?

वर्डपर्फेक्ट तर ह्या नव्या यंत्रावर नाहीं. आणि लिबरऑफिस ह्या नांवाचें कांहीं माझी फ्लॉपी लिहिली गेली तेव्हां अस्तित्वांतही नव्हतें. शोध घेतां कळलें कीं हें काम ‘लिब-डब्ल्यू-पी-डी’ नांवाच्या एका लहानशा सामायिक लायब्ररीचें. ती वर्डपर्फेक्टची भाषा जाणते व यजमान प्रोग्रॅमला त्याच्या भाषेंत समजावून सांगते. ह्याहून दुसरें तिला कांहीं येत नाहीं. कचेरींतील सॉफ्टवेअरमध्यें असे दुभाषे पुष्कळ आहेत, आणि त्यांपैकीं एकाचेंही नांव सामान्य लेखकास ठाऊक नसतें. राजांचा इतिहास लिहिला जातो, सेनापतींचा लिहिला जातो. दुभाष्यांचा सहसा कोणी लिहीत नाहीं. म्हणून हा अल्प प्रयत्न.

पेशवाईच्या कारभाराशीं ज्यांचा परिचय आहे त्यांस ही व्यवस्था नवीन वाटणार नाहीं. दिल्लीचा किंवा हैदराबादचा फारशी खलिता पुण्यास आला तर तो वाचण्यासाठीं फडावरच्या प्रत्येक कारकुनास फारशी शिकविण्याचें कारण नसे. पारसनीस असे, ज्यास गरज पडेल त्यानें त्यास बोलवावें. संगणकाच्या परिभाषेंत ‘लायब्ररी’ म्हणजे पुस्तकालय नव्हे, तर विवक्षित कामें करण्याच्या सूचनांचा तयार संच. हा संच प्रत्येक प्रोग्रॅमच्या पोटांत कायमचा शिवून टाकतां येतो, किंवा वेगळ्या फाईलमध्यें ठेवून गरजेच्या वेळीं बोलावतां येतो. दुसऱ्या प्रकारांत एकच प्रत अनेक प्रोग्रॅमांच्या उपयोगी पडते, म्हणून तिला सामायिक म्हणावयाचें. ही कल्पना १९६० नंतरच्या दशकांत अमेरिकेंत मॅसॅच्युसेट्सच्या तंत्रविद्यापीठांत चाललेल्या ‘मल्टिक्स’ ह्या प्रकल्पांत प्रथम मोठ्या प्रमाणावर वापरली गेली. १९८५ मध्यें निघालेल्या विंडोजच्या पहिल्या आवृत्तींत ती होती, आणि १९८८ च्या सुमारास सन कंपनीच्या युनिक्समध्येंही आली. मूळ हेतु केवळ काटकसरीचा: स्मरणकोशांत जागा थोडी, तेव्हां एकच सूचना दहा ठिकाणीं कशाला ठेवावी? त्या काटकसरींतून पुढें भाषांतराचें एवढें मोठें खातें उभें राहील हें त्या वेळीं कोणाच्या ध्यानीं आलें असेल असें वाटत नाहीं.

भाषांतर तरी कां लागावें? मजकूर म्हणजे अक्षरें, आणि अक्षरें सर्वांचीं सारखीं, असा भोळा समज माझाही पूर्वीं होता. वस्तुतः अक्षरांपुरता एक संकेत होता खरा, तो अमेरिकेचा ‘आस्की’. त्यांत सात बिटांचा, म्हणजे १२८ चिन्हांचा हिशेब होता. परंतु यंत्रांत एका अक्षरास जागा मिळे आठ बिटांची. एक बिट रिकामा. रिकामी जागा दिसली कीं कोणी तरी तेथें बिऱ्हाड थाटतोच. मायक्रोप्रो कंपनीनें १९७८ सालीं काढलेल्या, व रॉब बार्नबी ह्यानें लिहिलेल्या, वर्डस्टार ह्या त्या काळच्या अत्यंत लोकप्रिय प्रोग्रॅमनें तेथें आपल्या खाजगी खुणा ठेविल्या. प्रत्येक शब्दाच्या शेवटच्या अक्षराचा आठवा बिट तो चढवून ठेवी, म्हणजे ओळी दोन्ही कडांस जुळवितांना त्यास शब्दाची हद्द कळे. वर्डस्टारमध्यें लिहिणारास ही खूण कधींच दिसत नसे. पण तीच फाईल आयबीएमच्या पीसीवर दुसऱ्या एखाद्या प्रोग्रॅममध्यें उघडली कीं प्रत्येक शब्दाचें शेपूट बिघडलेलें. शेवटच्या इंग्रजी ‘ई’च्या जागीं ग्रीक सिग्मा बसलेला, आणि ‘डी’च्या जागीं मोठा सिग्मा! शब्द ओळखूं येई, पण वाचवत नसे.

ह्या रोगावरचा उपाय सोपा होता: सरसकट आठवा बिट पुसून टाकावा. आरंभींचे दुभाषे एवढेच करीत. परंतु ह्यांत आम्हां भारतीयांस विचार करण्याजोगें एक आहे. १९९१ मध्यें भारतीय मानक म्हणून मान्य झालेल्या ‘इस्की’ संकेतानें देवनागरीसह आपल्या लिप्यांस जागा दिली ती ह्याच आठव्या बिटानें उघडलेल्या वरच्या अर्ध्या भागांत. म्हणजे इंग्रजी मजकूर शुद्ध करण्यासाठीं जो दुभाषा आठवा बिट पुसून टाकतो, त्याच्या हातीं ह्या संकेतांतील मराठी पत्र पडलें तर तोही मजकूर तो तितक्याच निष्ठेनें पुसून टाकील. दुभाष्यास जी भाषा ठाऊकच नाहीं ती त्याच्या लेखीं मळ असते.

वर्डपर्फेक्टची तऱ्हा निराळी. यूटामधील ब्रिगहॅम यंग विद्यापीठांतले ॲलन ॲश्टन व त्यांचा विद्यार्थी ब्रूस बॅस्टियन ह्यांनीं तो १९८० च्या सुमारास ओरेम शहराच्या कारभारासाठीं प्रथम लिहिला. १९८९ च्या त्याच्या ५.१ ह्या आवृत्तीनें अमेरिकेंतील वकिलांच्या व सरकारी कचेऱ्या जिंकल्या. त्यांत खुणा मजकुराच्या ओघांतच ओवलेल्या असत: येथें ठळक अक्षर सुरू, येथें बंद, येथें तळटीप. एक कळ दाबली कीं सगळ्या खुणा उघड्या होऊन दिसत. कीर्तनकाराच्या टिपणवहींत मजकुराच्या मधोमध ‘येथें अभंग’, ‘येथें झांज थांबवावी’ असें लिहिलेलें असतें तसा प्रकार. मायक्रोसॉफ्टचा वर्ड, जो १९८३ मध्यें निघाला, तो दुसऱ्या घराण्यांतला. त्याचा कर्ता चार्ल्स सिमोनी ह्यानें त्यापूर्वीं झेरॉक्सच्या संशोधनशाळेंत बटलर लॅम्पसनबरोबर ‘ब्राव्हो’ नांवाचा लेखनाचा प्रोग्रॅम केला होता, आणि तेथील विचार तो बरोबर घेऊन आला. वर्डच्या फाईलींत मजकूर एकीकडे व त्याच्या रूपाचे तपशील दुसरीकडे कोष्टकांत. शिवाय मजकुराचे तुकडे कोणत्या क्रमानें जोडावयाचे ह्याची याद तिसरीकडे. फाईल त्वरित साठविण्याची एक सोय होती, तिच्यांत नवे बदल शेवटीं जोडून दिले जात, आणि खोडलेला मजकूर फाईलींत तसाच पडून राही. कुळकर्ण्याच्या दफ्तरांत जमीन एका वहींत, कूळ दुसऱ्या वहींत, आणि बाकी तिसऱ्या रुमालांत, असें असे. तें ज्यानें पाहिलें आहे त्यास वर्डच्या फाईलीचें स्वरूप कळावयास वेळ लागणार नाहीं. नवख्याला मात्र त्यांतून वाट काढणें कठीण.

आतां दहा प्रोग्रॅमांच्या दहा बोल्या असतील, तर प्रत्येकीतून प्रत्येकींत नेण्यास नव्वद दुभाषे हवेत. मध्यें एक सर्वमान्य भाषा घातली तर वीसांत भागतें. अठराव्या शतकांत पुणें, हैदराबाद व कलकत्ता ह्यांच्यामधील खलित्यांत फारशी हेंच काम करीत होती. त्यांतल्या पुष्कळांची ती घरची भाषा नव्हती. मायक्रोसॉफ्टनें अशी मधली भाषा १९८७ च्या सुमारास तयार केली, तिचें नांव ‘आरटीएफ’. महिरपी कंस व तिरप्या रेघा ह्यांनीं खुणा दाखविणारी, साध्या अक्षरांत लिहिलेली. विंडोजवरील वर्डबरोबर येणाऱ्या परिवर्तकांच्या फाईलींचें आडनांव ‘सीएनव्ही’ असे, पण पोटांत त्या सामायिक लायब्रऱ्याच होत्या. आणि त्या ज्या कप्प्यांत ठेवलेल्या असत त्याचेंही नांव ‘मायक्रोसॉफ्ट शेअर्ड’ असेंच होतें. प्रत्येक परिवर्तकास यजमान प्रोग्रॅम थोडेच प्रश्न विचारी, आणि त्या प्रश्नांचीं नांवेंच मोठीं बोलकीं आहेत. पहिला: ‘इझ फॉरमॅट करेक्ट?’, म्हणजे ही फाईल तुझ्या ओळखीची आहे काय? मग ‘फॉरेन टु आरटीएफ’: परकी भाषा मधल्या भाषेंत आण. आणि निरोप देतांना ‘आरटीएफ टु फॉरेन’. ‘फॉरेन’ हा शब्द येथें मला फार गमतीचा वाटतो. वर्डपर्फेक्टच्या वकिलाची सारी हयात ज्या फॉरमॅटमध्यें गेली, तो येथें परदेशी.

मधल्या भाषेची एक मर्यादा असते. जें तिच्यांत म्हणतां येत नाहीं तें पलीकडे पोंचतच नाहीं. ही हानि बहुधा मोठी नसे, पण ती गुपचूप होई. क्रमांकांची मांडणी बदले, कोष्टकाची कड सरके, आणि ज्यानें मूळ पाहिलेलें नाहीं त्यास कांहीं गेल्याचें कळतही नसे. माझ्या मतें दुभाष्याचा हाच खरा दोष होय. चुकीचें भाषांतर पकडतां येतें, मौन पकडतां येत नाहीं.

येथवर कारागिरीची गोष्ट झाली, आतां व्यापाराची. दुभाषा दोन्ही बाजूंनीं बोलतो, पण धन्यास तें दोन्ही बाजूंनीं सारखेंच हवें असतें असें नाहीं. परक्या फाईली आंत घेण्यास प्रत्येक कंपनी उत्सुक असे, कारण त्यांच्या पाठोपाठ परकें गिऱ्हाईक येतें. स्वतःच्या फाईली बाहेर पाठविण्याचें काम मात्र हात आखडून केलें जाई. ह्या बाबतींत एक्सेलच्या गटांत काम केलेल्या जोएल स्पोल्स्की ह्यांनीं एक मोठी मार्मिक हकीकत लिहून ठेवली आहे. हिशेबाच्या कोष्टकांत त्या वेळीं लोटस १-२-३ चें राज्य होतें. एक्सेल लोटसच्या फाईली वाचीत असे, तरी लोक येईनात. एक्सेलच्या चौथ्या आवृत्तीनें लोटसच्या फाईली सहज लिहिण्याचीही सोय केली, आणि मग लोक आले. परत जाण्याचें दार उघडें आहे असें दिसल्यावरच माणूस घरांत पाऊल टाकतो, असा त्यांच्या म्हणण्याचा आशय. दारें उघडून ज्यांनीं गिऱ्हाईक मिळविलें त्यांनीं पुढें स्वतःचें दार किती उघडें ठेविलें, हें पुढें येईलच.

लोटसच्या अनुकरणाचा आणखी एक अवशेष राहिला आहे, आणि इतिहासाच्या अध्यापकास त्याचा मोह आवरत नाहीं. एक्सेलमध्यें दिवस मोजले जातात ते १ जानेवारी १९०० पासून. पहिला दिवस एक, दुसरा दोन, ह्याप्रमाणें. साठाव्या आंकड्यास कोणती तारीख येते? २९ फेब्रुवारी १९००. असा दिवस कधीं उगवलाच नाहीं! ग्रेगरी पोपच्या नियमाप्रमाणें शतकाचें वर्ष चारशेंनीं भागलें गेलें तरच लीप. १९०० तसें नव्हे. लोटसनें तें लीप धरलें होतें, आणि लोटसच्या फाईलींतील तारखा जशाच्या तशा उतराव्या म्हणून एक्सेलनें जाणूनबुजून ती चूक स्वीकारली. आपल्या पंचांगांतही तिथीची वृद्धि होते व क्षय होतो, पण त्यास चंद्रसूर्यांची साक्ष असते. ह्या दिवसास एका प्रतिस्पर्धी कंपनीच्या फाईलीखेरीज दुसरा आधार नाहीं. २००८ मध्यें एक्सेलच्या फॉरमॅटचें आंतरराष्ट्रीय मानक झालें, तेव्हां त्यांतही ह्या नसलेल्या दिवसाची सोय करून ठेवावी लागली. शिलालेखांतील लेखनिकाची चूक पुढच्या ताम्रपटांत उतरत जाते, त्यांतलाच प्रकार.

वर्डची सत्ता दृढ झाल्यावर, म्हणजे १९९५ नंतर, परिस्थिति पालटली. आतां पुष्कळ लोकांचें लेखन एकाच फॉरमॅटमध्यें होऊं लागलें, आणि त्या फॉरमॅटचें व्याकरण एका कंपनीच्या कपाटांत. ज्यांस तो प्रोग्रॅम विकत घ्यावयाचा नव्हता, किंवा ज्यांच्या यंत्रावर तो चालत नव्हता, त्यांनीं काय करावें? कांहीं जणांनीं जें केलें त्यास मी लिपिवाचनाहून निराळें मानीत नाहीं. १८३७ सालीं जेम्स प्रिन्सेपनें सांची येथील कठड्यांवरचे लहान लहान लेख समोर मांडले. पुष्कळांच्या शेवटीं तींच दोन अक्षरें येतात असें त्यास दिसलें. हीं दानाचीं नोंद असावी ह्या तर्कानें त्यानें तीं ‘दानं’ अशीं वाचलीं, आणि ब्राह्मीचें कुलूप उघडलें. फॉरमॅट उलगडणाराची रीत हीच. एका अक्षराची फाईल करावयाची. तिच्यांतील आंकडे लिहून घ्यावयाचे. मग तेंच अक्षर ठळक करून पुन्हां साठवावयाचें. आणि कोठें काय बदललें तें पाहावयाचें. शेंकडों वेळां. प्रिन्सेपहून त्याचें सुदैव एवढेंच कीं त्याचा पाथरवट जिवंत आहे व म्हणाल तितक्या वेळां तो पुन्हां कोरून देतो.

आयर्लंडच्या काव्हलन मॅकनमारा ह्यानें १९९० च्या दशकाच्या अखेरीस वर्डच्या फाईली वाचणारी अशी एक लायब्ररी लिहिली, ती ‘डब्ल्यू-व्ही’ ह्या नांवानें ओळखली जाते. पुढें ओपनऑफिसच्या वर्ड-परिवर्तकावरही त्यानें दीर्घकाळ काम केलें. माझी फ्लॉपी वाचणारी लिब-डब्ल्यू-पी-डी ही विल्यम लॅचन्स व मार्क मॉरर ह्यांनीं २००२ मध्यें लिहावयास घेतली. वर्डपर्फेक्ट तोंवर १९९४ त नोव्हेल कंपनीकडे व १९९६ त कोरेलकडे असा दोनदां विकला जाऊन उतरणीस लागला होता. ज्या प्रोग्रॅमचे वापरणारे दिवसेंदिवस कमी होत होते, त्याची भाषा शिकून ठेवण्यांत ह्या मंडळींस कोणता लाभ होता? मला तरी दिसत नाहीं. आणि हें लिहून त्यांनीं तें कोणा एका प्रोग्रॅमला बांधून ठेविलें नाहीं. अबीवर्ड, केऑफिस, ओपनऑफिस, ज्यास हवी त्यानें ही लायब्ररी घ्यावी. ‘सामायिक’ ह्या शब्दाचा अर्थ येथें बदलला असें मला वाटतें. पूर्वीं एका यंत्रावरच्या दोन प्रोग्रॅमांत जागा वांचविण्यापुरता तो होता. आतां एकमेकांशीं चढाओढ करणारे प्रोग्रॅम एकच दुभाषा वापरूं लागले.

ह्या कथेंतील मोठें घराणें तें स्टारऑफिसचें. मार्को बोरिस ह्यानें १९८५ मध्यें जर्मनींतील लुनेबुर्ग येथें स्टार डिव्हिजन ही कंपनी काढली. १९९९ त ती सन कंपनीनें घेतली. १३ ऑक्टोबर २००० रोजीं तिच्या प्रोग्रॅमचा मूळ मजकूर सर्वांस खुला करण्यांत आला, तेंच ओपनऑफिस. २०१० त सन ओरॅकलच्या पोटांत गेली, आणि त्याच वर्षीं २८ सप्टेंबरला कार्यकर्त्यांनीं वेगळें होऊन लिबरऑफिस स्थापिलें. २०१४ च्या एप्रिलमध्यें ह्याच मंडळींनीं ‘डॉक्युमेंट लिबरेशन प्रोजेक्ट’ ह्या नांवाखालीं सर्व विखुरलेले दुभाषे एका छत्राखालीं आणले: व्हिझिओचीं रेखाचित्रें वाचणारा एक, कोरेलड्रॉचा एक, पब्लिशरचा एक. चित्रें काढणारा इंकस्केप व पानें जुळविणारा स्क्रायबस हेही त्यांचा उपयोग करतात. नांवांतला ‘मुक्ति’ हा शब्द कोणास भारदस्त वाटेल. परंतु स्वतःचेंच लेखन स्वतःस वाचतां न येणें ही कैद नव्हे तर काय?

दरम्यान मानकांचा तंटा झाला. ओपनऑफिसच्या फॉरमॅटवर आधारलेला ‘ओडीएफ’ मे २००५ मध्यें ओएसिस ह्या संस्थेनें व २००६ त आंतरराष्ट्रीय मानकसंस्थेनें मान्य केला. मायक्रोसॉफ्टनें आपला ‘ओओएक्सएमएल’ पुढें आणला. पहिल्याचें विवरण सुमारें ७०० पानांचें, दुसऱ्याचें सुमारें ६,००० पानांचें. भारतीय मानक ब्यूरोनें २००७ व २००८ अशा दोन्ही वेळीं त्याच्या विरुद्ध मत दिलें. २००८ त तो मान्य झाल्यावर ब्राझील, दक्षिण आफ्रिका व व्हेनेझुएला ह्यांच्याबरोबर भारतानें केलेलें अपीलही फेंटाळलें गेलें. ह्या तंट्याचा एक फायदा मात्र निर्विवाद झाला. फेब्रुवारी २००८ मध्यें मायक्रोसॉफ्टनें वर्ड, एक्सेल व पॉवरपॉइंट ह्यांच्या जुन्या फॉरमॅटांचीं विवरणें सर्वांस खुलीं केलीं. एकट्या एक्सेलचें ३४९ पानांचें होतें. इतकीं वर्षें जें कोरीव लेखांप्रमाणें तर्कानें वाचावें लागे, त्याचें व्याकरण कपाटांतून बाहेर आलें.

दुभाष्यांची दुसरी बाजूही सांगितली पाहिजे, नाहीं तर हें एकांगी होईल. परकी फाईल वाचणें म्हणजे अनोळखी माणसाचा शब्द प्रमाण मानणें. फाईलींत ‘पुढें शंभर अक्षरें आहेत’ असें लिहिलेलें असावें आणि प्रत्यक्षांत हजार यावीं. भोळ्या परिवर्तकानें शंभरांचीच जागा राखलेली असते, बाकीचीं बाहेर सांडतात, आणि त्या सांडण्याचा फायदा घेऊन दुष्ट लेखक यंत्राकडून हवें तें करवून घेऊं शकतो. एप्रिल २००९ मध्यें मायक्रोसॉफ्टला वर्डपॅड व ऑफिस ह्यांच्या परिवर्तकांतील असे दोष दुरुस्त करावे लागले. त्यापूर्वीं सप्टेंबर २००७ मध्यें ऑफिस २००३ च्या तिसऱ्या सुधारणेनें जुन्या वर्डच्या कांहीं फाईली व कोरेलड्रॉचीं चित्रें उघडणेंच बंद केलें होतें, आणि कारण दिलें होतें कीं ते फॉरमॅट असुरक्षित आहेत. पुढें जानेवारी २००८ मध्यें कंपनीला कबूल करावें लागलें कीं फॉरमॅटांत दोष नव्हता; दोष वाचणाऱ्या प्रोग्रॅममध्यें होता. अक्षर वाईट नव्हतें, वाचकाचें लक्ष नव्हतें. तरीही सामान्य माणसाच्या दृष्टीनें परिणाम एकच: कालपर्यंत उघडणारा कागद आज उघडेना.

आतां माझ्या कोऱ्या जागांकडे येतों. मराठीच्या बाबतींत हे सर्व दुभाषे असूनही एक संकट शिल्लक राहिलें. १९८८ त स्थापन झालेल्या पुण्याच्या सी-डॅकनें जिस्ट कार्डाच्या साहाय्यानें डॉसवर देवनागरी दाखविली होती. पण विंडोजवर आमचें बहुतेक लेखन व छपाई जिनें झाली ती रीत वेगळी. इंग्रजी अक्षरांच्या आंकड्यांवर देवनागरीचीं चित्रें चढविलेले फॉन्ट आले. फाईलींत असे इंग्रजी ‘डी’, पडद्यावर दिसे ‘क’. कोणत्या आंकड्यावर कोणतें चित्र, ह्याविषयीं प्रत्येक फॉन्टकाराचा क्रम निराळा. अशी फाईल परिवर्तक एका प्रोग्रॅममधून दुसऱ्यांत अत्यंत इमानानें नेतो: समास, परिच्छेद, तळटीपा सर्व शाबूत, मात्र तो विशिष्ट फॉन्ट यंत्रावर नसेल तर पानभर निरर्थक रोमन अक्षरें. दुभाष्यास दोष देतां येत नाहीं. त्याच्यापुढें इंग्रजीच ठेविलें होतें.

युनिकोडनें १९९१ मध्यें देवनागरीस तिचीं स्वतःचीं स्थानें दिलीं, तीं इस्कीच्याच क्रमावर. परंतु जुन्या फाईली आपोआप थोड्याच बदलतात! त्यांच्यासाठीं वेगळा परिवर्तक लागतो, आणि त्याचें काम नुसतें एकास एक बदलण्याचें नसतें. जुन्या फॉन्टांत ऱ्हस्व इकार जसा दिसतो तसा, म्हणजे व्यंजनाच्या आधीं, लिहिलेला असे. युनिकोडमध्यें तो उच्चाराप्रमाणें व्यंजनानंतर येतो. ‘कर्म’ ह्या शब्दांतला रफार जुन्या फाईलींत ‘म’नंतर, नव्या फाईलींत ‘म’च्या आधीं. शिरोरेखेखालच्या एका उभ्या काठीचा स्वतंत्र आंकडा, अर्ध्या अक्षराचा स्वतंत्र. म्हणजे परिवर्तकास थोडेंसें व्याकरण व थोडेंसें शुद्धलेखनही शिकवावें लागतें. असे परिवर्तक झाले आहेत. पण प्रत्येक फॉन्टासाठीं वेगळी किल्ली लागते. मोडीचे रुमाल वाचणारे थोडे उरले म्हणून आम्ही सभांतून हळहळतों. तीस वर्षांपूर्वीच्या किती मासिकांचीं, प्रबंधांचीं, स्मरणिकांचीं हस्तलिखितें अशा फॉन्टांत पडून आहेत ह्याचा विचार फारसा होत नाहीं. तीं कागदावर छापलीं गेलीं तेवढीं वांचलीं.

माझा प्रबंध ह्या दृष्टीनें दैववान ठरला, कारण त्यांत मराठी नव्हतेंच. मराठीच्या जागीं होत्या त्या फक्त मोकळ्या जागा, आणि मोकळी जागा सर्व फॉरमॅटांत सारखीच. सुटीच्या उरलेल्या दिवसांत बांधीव प्रत समोर ठेवून मी त्या एकेक भरीत गेलों. दोन प्रकरणें मिळून एकेचाळीस जागा. चाळीस भरल्या. एके ठिकाणीं बांधीव प्रतींत शाई पसरून शब्द गेलेला आहे. मूळ कागदाची नक्कल मीं त्या काळीं केली होती, ती सांपडत नाहीं. फाईल आतां ओडीएफमध्यें साठविली आहे, आणि ती जागा अद्याप तशीच आहे.